सोडे, अळंबी आणि आपले ऋण

आपल्या ज्ञातीच्या स्मरणिका चाळू लागले म्हणजे पावनखिंडीतील बाजीप्रभू, पुरंदरचे मुरारबाजी आणि चिटणीस बाळाजी आवजी ह्यांची चरित्रे पुनःपुन्हा भेटतात. ते योग्यच आहे. ज्या ज्ञातीला असे पूर्वज लाभले तिने त्यांचे स्मरण करावयाचे नाही, तर कोणी करावयाचे? तथापि तलवारीचा आणि लेखणीचा इतिहास जसा असतो, तसा चुलीचाही असतो. त्या इतिहासाला बखर नाही, सनद नाही, आणि ज्यांनी तो घडविला त्या आजी-पणजींची नावे वंशावळीतही सापडत नाहीत. प्रस्तुत लेखात आम्ही अशाच एका घरगुती पदार्थाचा मागोवा घेण्याचे योजिले आहे. तो पदार्थ म्हणजे सोडे घालून परतलेली अळंबी.

सोड्यांवाचून चांद्रसेनीय कायस्थ प्रभूंचे स्वयंपाकघर चालत नाही, हे ज्ञातीबाहेरचे लोकही थट्टेने का होईना, पण मान्य करतात. वांग्यात सोडे, बटाट्यात सोडे, पोह्यांत सोडे, आणि पाहुणा आला तर सोड्यांची खिचडी. आषाढात अळंबी मिळाली की तिच्यातही सोडे. ‘हे आपले खास’ असे आपण अभिमानाने म्हणतो. त्या ‘आपल्या’पैकी खरोखर आपले किती आणि इतरांकडून आलेले किती, ह्याचा एकवार हिशेब मांडावा, एवढाच आमचा हेतू आहे. हिशेब हा तर कायस्थांचा परंपरागत व्यवसायच होय.

ग्रंथांतरीचे पुरावे

महाराष्ट्र-कर्नाटकावर राज्य करणाऱ्या कल्याणीच्या चालुक्यांपैकी तिसरा सोमेश्वर ह्याने इ. स. ११३० च्या सुमारास ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ रचिला. त्यात राजाच्या भोजनाचे सविस्तर वर्णन आहे. माशाचे तुकडे करून धुवावे, चिंचेच्या रसात शिजवावे, पीठ लावून तेलात तांबूस होईतो तळावे आणि वर मीठ, वेलदोडा व मिरे घालावे, अशी कृती तेथे सांगितली आहे. अर्थात नऊशे वर्षांपूर्वीही ह्या भागात मासा, आंबट आणि तेल ह्यांची संगती जमलेली होती. मात्र त्या पाकशाळेत लाल मिरची नाही, हे वाचकांनी ध्यानात ठेवावे.

अळंबीची गोष्ट वेगळी. मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात लसूण व कांदा ह्यांच्याच पंक्तीला कवक, म्हणजे अळंबी, बसविली असून द्विजाने ती खाऊ नये असे सांगितले आहे. जे कोणी खातच नाही, त्याला मनाई करण्याचे स्मृतिकारांना प्रयोजन पडत नाही. तेव्हा त्या काळीही अळंबी खाल्ली जात होती, हेच ह्या निषेधावरून सिद्ध होते.

येथे आपल्या ज्ञातीच्या इतिहासातील एक मौज नमूद केली पाहिजे. वेदोक्त कर्माच्या अधिकारासाठी आपल्या पूर्वजांनी ग्रामण्याचे प्रसंग सोसले. प्रबोधनकार ठाकरे ह्यांनी १९१९ साली ‘ग्रामण्याचा साद्यंत इतिहास’ लिहून तो सारा वाद चव्हाट्यावर मांडला. माजघराबाहेर पुरुषमंडळी शास्त्राचे आधार काढीत होती, आणि आत त्यांच्याच घरच्या स्त्रिया कांदा-लसणाच्या फोडणीत अळंबी परतीत होत्या. पोथीने काय वर्ज्य केले आहे, ह्यापेक्षा पावसाने आज काय दिले आहे, हा प्रश्न त्यांना अधिक निकडीचा वाटला. आमच्या मते तो शहाणपणाचाच होता.

सोडे : कोळणींचे देणे

पावसाळ्यात दर्या खवळतो. कोळी बांधव होड्या किनाऱ्यावर ओढून ठेवतात आणि नारळी पौर्णिमेला सागराची पूजा केल्यावर पुन्हा लोटतात. अलीकडे ह्या रूढीला कायद्याचीही जोड मिळाली असून पावसाळी मासेमारीबंदी १ जूनपासून लागू होते. माशांच्या प्रजननाचा काळ सुटावा हा त्यातील उद्देश. मग ह्या महिन्यांत मत्स्याहारी घराने खावे काय? ह्याचे उत्तर कोळीवाड्यांनी फार पूर्वी शोधून ठेविले होते. ते म्हणजे सुकी मासळी.

हिवाळ्यात व उन्हाळ्यात मिळालेली कोळंबी सोलून, स्वच्छ करून कडक उन्हात वाळविली म्हणजे सोडे तयार होतात. वाक्य एका ओळीचे आहे, काम मात्र तसे नाही. बर्फातली गारठलेली कोळंबी एकेक हातात घेऊन सोलावयाची, कवचाच्या काट्यांनी बोटे सोलवटून घ्यावयाची, कावळ्यामांजरांपासून राखण करावयाची, आणि आभाळ भरून आले की सारे पसारे धावत आत घ्यावयाचे. कवच व डोके जाते, पाणी आटते. टोपलीभर कोळंबीचे ओंजळभर सोडे होतात. सोड्यांचा भाव ऐकून कपाळाला आठ्या घालणाऱ्या आमच्या गृहिणींनी हा हिशेब अवश्य करून पाहावा. ज्याला आपण ज्ञातीची खूण मानतो, त्याचे पहिले सारे श्रम कोळणीच्या हातचे आहेत.

अळंबी : ठाकर-कातकऱ्यांचे देणे

मृगाच्या सरी पडून गेल्या आणि हवेत उकाडा राहिला की वारुळांवर अळंबी उगवते. ती वारुळावरच का, ह्याचे कारण मोठे मनोरंजक आहे. वाळवी लाकूड व पालापाचोळा आणून वारुळाच्या पोटात स्पंजासारखी पोळी रचते आणि त्यांवर एका बुरशीची चक्क शेती करते. लाकडाचा जो कठीण भाग वाळवीला पचत नाही, तो ही बुरशी फोडून देते. पाऊस लागला म्हणजे तीच बुरशी लांब मुळासारखा देठ वर धाडून भूमीबाहेर छत्री उघडते. रॉजेर आईम ह्या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९४२ साली ह्या कुळाला ‘टर्मिटोमायसिस’ असे नाव दिले. मनुष्याला हिची व्यापारी लागवड अद्याप साधलेली नाही. जी विद्या वाळवीला येते ती आपल्याला येत नाही.

कोणते वारूळ कधी फुटणार, हे ठाऊक असते ते डोंगरात राहणाऱ्या ठाकर, कातकरी व वारली स्त्रियांना. पहाटे जंगलात जाऊन, पानांच्या पुड्या बांधून, त्या कर्जत, पेण, पनवेल, मुरबाड अशा बाजारांत येतात. शेवळी, टाकळा, कुर्डू आणि अळंबी घेऊन त्या रस्त्याच्या कडेला बसतात. त्या केवळ अळंबी विकत नाहीत. ही अळंबी खाण्यासारखी आहे, अशी हमी त्या पुडीबरोबर देतात. ही हमी प्राणमोलाची आहे. ज्यांना आपण कुत्र्याच्या छत्र्या म्हणतो, त्यांतील कित्येक रूपाने साळसूद पण जातीने विषारी असतात. चांदीचे नाणे काळे पडते, लसूण काळवंडते, भाताचा रंग बदलतो, ह्या साऱ्या प्रचलित परीक्षा खोट्या आहेत. अतिघातक जातींचे विष शिजवूनही जात नाही, आणि त्याची लक्षणे बहुधा सहा ते चोवीस तासांनी दिसू लागतात. तोवर यकृताला इजा पोहोचलेली असते. म्हणून सहलीला गेले असता दिसली छत्री की आणली घरी, असे कोणीही करू नये. खात्रीच्या हातची मिळाली तरच घ्यावी.

मिरची आणि कढई

आता फोडणीकडे वळू. १५१० साली पोर्तुगीजांनी गोवा घेतला आणि त्या शतकात अमेरिका खंडातील मिरची त्यांच्या गलबतांतून आपल्या किनाऱ्यास लागली. तोवर तिखटपणा मिऱ्याचा व पिंपळीचा. म्हणजे ज्या लाल तिखटावाचून सोडे आपल्याला बेचव लागतील, ते बाजीप्रभूंच्या पणजोबांच्या लहानपणी कदाचित घरात नसेलही. आंबटपणासाठीचे कोकम मात्र अस्सल आपल्या सह्याद्रीचे.

कृती अशी. वाटीभर सोडे कोमट पाण्यात पंधरा-वीस मिनिटे भिजवावे, पाठीचा काळा दोरा काढावा. भिजवणीचे पाणी फेकू नये. वाळू खाली बसू देऊन वरचे गाळून घ्यावे. अळंबीची माती ओल्या फडक्याने पुसावी अगर झटपट धुवावी, पाण्यात बुडवून ठेवू नये. लोखंडी कढई चांगली तापवून तेलात ठेचलेला लसूण व कांदा परतावा, मग सोडे घालावे. त्यांचा वास बदलून खमंग झाला की हळद व तिखट, आणि त्यावर अळंबी. आच मोठी ठेवावी आणि कढई गच्च भरू नये. अळंबीत शेकडा नव्वदच्या आसपास पाणी असते. आच मंद असली तर ती आपल्याच पाण्यात उकडते. पाणी आटून कडा तांबूस झाल्या की सोड्यांच्या पाण्याचा हबका, दोन-तीन आमसुले, शेवटी मीठ. सोड्यांत खारटपणा असतो, म्हणून मीठ बेताने. वर ओले खोबरे व कोथिंबीर पेरावी आणि तांदळाच्या भाकरीबरोबर वाढावे.

आजची तरुण मंडळी उपाहारगृहात कोळंबी व अळंबीचा असाच पदार्थ ‘स्टर फ्राय’ म्हणून मागवितात. हा शब्द बुवेई यांग चाओ ह्या चिनी विदुषीच्या १९४५ साली अमेरिकेत निघालेल्या पाकग्रंथाने इंग्रजीला दिला. मोठ्या आचेवर सतत हलवीत शिजविणे, हा त्याचा अर्थ. मराठीत त्याला परतणे म्हणतात. शब्द नवा असला तरी आजीचा कालथा त्या कामी जुनाच आहे.

ह्या दोन जिनसा एकमेकींना इतक्या खुलवितात कशा, ह्याचा उलगडा जपानी शास्त्रज्ञांनी केला. १९०८ साली किकुनाए इकेदा ह्यांनी समुद्रशेवाळातून ग्लुटामेट वेगळे काढून त्या रुचीला ‘उमामी’ नाव दिले. पुढे १९६० च्या सुमारास अकिरा कुनिनाका ह्यांनी सुक्या अळंबीतील ग्वानिलेटाचा शोध लावून दाखविले की, अशी दोन जातींची द्रव्ये एकत्र आली म्हणजे रुची बेरजेने न वाढता कित्येक पटींनी वाढते. सुकी कोळंबी आणि अळंबी एका कढईत घालणाऱ्या आमच्या पणजीला ह्यातले एकही नाव ठाऊक नव्हते. जिभेने मात्र तिला निष्कर्ष आधीच कळविला होता.

आजची स्थिती

लक्ष्मीबाई धुरंधर ह्या पाठारे प्रभू ज्ञातीतील विदुषीने १९१० साली ‘गृहिणी-मित्र’ सिद्ध करून सुमारे हजार पाककृती ग्रंथित केल्या. बंधुज्ञातीने घालून दिलेला हा कित्ता आपण पुरतेपणी गिरविला नाही. दरम्यान काळ पालटला. १९६१ साली सोलन येथे पांढऱ्या अळंबीच्या लागवडीचे प्रयत्न सुरू झाले, १९८३ साली तेथे राष्ट्रीय संशोधन केंद्र निघाले, आणि आता ती अळंबी बाराही महिने डब्यात मिळते. वरील कृतीला ती निर्धोकपणे चालते. ज्यांना रानची मिळत नाही त्यांनी तीच वापरावी. परंतु तिच्याबरोबर पावसाची वाट पाहणे गेले, आणि पुडी देणारी ठाकरीणही नजरेआड झाली.

दुसरीकडे कोपऱ्याकोपऱ्यावर इमारती उठत असल्याने कोळीवाड्यांतील मासळी वाळविण्याच्या जागा आकसत आहेत. वारुळे सपाट होत आहेत. कळ्यांच्या लोभाने कोणी पहारीने वारूळ खणले, तर आतील पोळी मोडून पुढच्या वर्षी तेथे काहीच उगवत नाही. आणि आपल्याच काही कुटुंबांना सोडे भाजताना शेजाऱ्यांच्या भयाने खिडक्या लावून घ्याव्या लागतात. अशा रीतीने एक पदार्थ तीन बाजूंनी विझत चालला आहे. तो विझला तर कोणतीही स्मरणिका त्याची शोकसभा भरविणार नाही.

हिशेब मांडून झाला. सोडे कोळणींचे, अळंबी ठाकर-कातकऱ्यांची आणि त्याही आधी वाळवीची, मिरची सातासमुद्रांपलीकडची, कोकम सह्याद्रीचे. आपल्या वाट्याला उरते ती जुळणी, आणि ती करणाऱ्या स्त्रियांची जाण. तेवढ्याचा अभिमान खुशाल बाळगावा. त्याने उरलेल्या रकमा फिटत नाहीत. म्हणून ज्ञातिभगिनींना व बांधवांना आमची नम्र विनंती आहे की, घरातील वडीलधाऱ्या स्त्रियांकडून अशा कृती आजच लिहून घ्याव्या, आणि कृतीखाली सांगणारीचे नाव, तिचे माहेर व जिन्नस कोणाकडून घेत असत ते नोंदवावे. बाजारात त्या पुडीवर व त्या ओंजळीवर घासाघीस करू नये. आणि पुढील स्मरणिकेत वीरांच्या चरित्रांशेजारी दोन पाने ह्या नोंदींसाठी राखून ठेवावी. इत्यलम्.