बिशपच्या न्यायालयातली वाजवी भीती

1955 च्या हिंदू विवाह कायद्यात क्रूर वागणूक आणि परित्याग ही कारणे आधी न्यायिक विभक्ततेपुरतीच होती. त्यांवर घटस्फोट मिळू लागला तो 1976 च्या दुरुस्तीनंतर. मूळ कायद्यातली क्रूरतेची अट मात्र विलक्षण होती: सोबत राहणे अपायकारक ठरेल अशी वाजवी भीती अर्जदाराच्या मनात निर्माण झाली पाहिजे. झाल्या छळाचा हिशेब मागायचा सोडून कायदा उद्याच्या भीतीकडे का पाहत होता? माझ्या मते याचे उत्तर 1790 च्या लंडनमध्ये, बिशपच्या कन्सिस्टरी न्यायालयात आहे. इव्हान्स दांपत्याच्या खटल्यात सर विल्यम स्कॉट यांनी जीव, अवयव वा प्रकृतीला धोका किंवा त्याची वाजवी भीती ही कसोटी धरली आणि मन दुखावणे तेवढ्याने पुरत नाही म्हणत पत्नीची मागणी फेटाळली. त्या न्यायालयाला लग्न मोडण्याचा अधिकारच नव्हता. फार तर बायकोला वेगळे राहण्याची मुभा देता येई. मुभा सुरक्षिततेसाठी म्हटल्यावर चौकशी पुढच्या धोक्याचीच होणार.

1857 च्या इंग्रजी कायद्याने घटस्फोट दिवाणी न्यायालयात आणला, पण विभक्ततेचे दावे धर्मन्यायालयांच्याच तत्त्वांनी चालवायला सांगितले. 1869 च्या भारतीय घटस्फोट कायद्याने ती परंपरा इथल्या ख्रिश्चनांसाठी उचलली. हिंदू घरात मात्र ही मोजपट्टी मागल्या दाराने शिरली. नवरा नांदायला येण्याचा दावा लावी, बायको छळाचा बचाव घेई, आणि 1876 च्या यमुनाबाईंच्या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने त्या बचावाला जवळपास हीच कसोटी लावली. यावर कोणी म्हणेल, कौटिल्याने काही विवाहांत परस्पर द्वेषातून सुटका मान्य केली होती आणि अनेक जातींत काडीमोड रूढ होताच. मग मूळ परदेशात का शोधायचे? घटस्फोटाचे कारण आपले असू शकते, ते सिद्ध करण्याची रीत उसनी असू शकते. काडीमोडाला वाजवी भीतीची गरज पडत नव्हती.

खरी गंमत 1975 ची आहे. पुण्याच्या एका दांपत्याच्या खटल्यात न्यायमूर्ती यशवंत चंद्रचूड यांनी इंग्रजी कसोटी नाकारली: जीव, अवयव वा प्रकृतीला धोका दाखवण्याची गरज नाही, अपाय पुरे, आणि पुरावाही फौजदारी खटल्यासारखा निःसंशय नको, संभाव्यतेचे पारडे कुठे झुकते एवढेच पाहावे. धर्मन्यायालयाशी नाते तुटले असे वाटावे, तोच निकाल नवऱ्याच्या विरोधात गेला. पत्नीची क्रूरता सिद्ध झाली, पण त्यानंतरही संसार चालू राहिल्याने नवऱ्याने तिला क्षमा केली असे ठरले. वैवाहिक अपराध क्षमेने पुसला जातो आणि पुन्हा अपराध घडला तर जिवंत होतो, हे तत्त्वही त्याच चर्चच्या न्यायालयांतले. पुढच्या दाराने घालवलेला पाहुणा माजघरात बसलेलाच होता.

परित्यागाची कुळी वेगळी. इंग्रजी धर्मन्यायालयांत तो विभक्ततेचे कारण नव्हताच. सोडून गेलेल्याला परत बोलावण्याचा दावा तेवढा लावता येई. 1947 च्या मुंबई कायद्याने हिंदूंना चार वर्षांच्या परित्यागावर घटस्फोट दिला, आणि त्याखालच्या एका दाव्यात 1956 साली सर्वोच्च न्यायालयाने घर सोडणे आणि कायमचे सोडण्याचा इरादा हे दोन्ही निःसंशय सिद्ध करायला सांगितले. गोव्यात पोर्तुगीजांच्या 1910 च्या हुकुमाने तीन वर्षांच्या गृहत्यागाला मान्यता मिळाली, ती वाट तर लंडनवरून जातच नाही.

माझा सर्वांत भक्कम पुरावा हिंदू विवाह कायद्याच्या कलम 23 मध्ये आहे. क्रूरतेच्या अर्जदाराने ती क्षमापित केलेली नसावी, अशी अट तिथे आहे, व्यभिचारालाही तीच आहे, परित्यागाला नाही. जी दोन कारणे बिशपच्या न्यायालयात चालत, त्यांनाच क्षमेची अट चिकटली. याचे साधे स्पष्टीकरणही देता येईल: सोडून गेलेला परत नांदू लागला की परित्याग आपोआप संपतो, मग क्षमेचा प्रश्नच उरत नाही. तर्क बिनतोड आहे. पण त्याने परित्यागाला अट का नाही एवढेच कळते. क्रूरतेला ती का आहे, हे कळत नाही. 1976 मध्ये संसदेने वाजवी भीतीचे शब्द काढून टाकले. क्षमेची अट मात्र तशीच ठेवली.