खाडीपलीकडून आलेले पिवळे लोणी

म्हशीच्या दुधाचे लोणी पांढरेशुभ्र असते आणि अळणी असते. साय विरजून, रवीने घुसळून काढलेला गोळा ज्याने गरम थालीपिठावर घेतला आहे, त्याला हे वेगळे सांगायला नको. तरीही भाईंदरच्या कुठल्याही डेअरीत ‘शंभर ग्रॅम बटर द्या’ म्हटले की हातात पडते ती कागदात गुंडाळलेली पिवळी, खारट वडी. आपल्याकडे या वडीची सुरुवात झाली तीही म्हशीच्याच दुधापासून. मग तिच्यात हा पिवळेपणा आणि खारटपणा आला कुठून? त्याचा माग काढायचा तर वसईची खाडी ओलांडून उत्तरेकडे जाणारा रेल्वेमार्ग धरावा लागतो.

त्याआधी एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. लोणी हा आपल्याकडे दूरच्या व्यापाराचा माल कधीच नव्हता. त्यात पाण्याचा अंश असतो आणि आपल्या हवेत ते दोन-चार दिवसांत खवट होते. म्हणून ते घरात खाल्ले जाई, फार तर गावच्या आठवडी बाजारात विकले जाई आणि उरलेले कढवले जाई. दूर जायचे ते तूप. बैलगाडीने, गलबताने, पुढे रेल्वेने तुपाचे डबे शहरांत येत. गुजरातेतला चरोतर, म्हणजे आजचा आणंद-खेडा हा भाग, म्हशींनी भरलेला होता. पण मुंबईच्या स्वयंपाकघरात त्याचे दूध यायचे ते तूप होऊनच.

पावाला लावून खायचे लोणी मागणारे गिऱ्हाईक इंग्रजांबरोबर आले. छावण्यांना ते रोज लागे. सैन्याने 1889 साली अलाहाबादेत पहिला लष्करी दुग्धालय-मळा काढला, तो दूध-लोण्याच्या याच गरजेपोटी. मुंबईत गोरे अधिकारी, रेल्वेची उपाहारगृहे, बड्या पेढ्या आणि हळूहळू पारशी-इराणी घरे यांची मागणी वाढत गेली. बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया रेल्वेचा मार्ग 1864 साली वसईच्या खाडीवर पूल बांधून मुंबईत शिरला होता. नायगाव, मधले पाणजू बेट आणि मग भाईंदर. त्या काळी भाईंदर म्हणजे मिठागरे, भातखाचरे आणि कोळीवाडे. आगरी माणसे खाडीचे पाणी वाफ्यांत अडवून मीठ पिकवत होती आणि त्यांच्या शेजारून गुजरातचा माल मुंबईकडे धावत होता.

या मार्गाचे मोल ओळखणारा माणूस म्हणजे पेस्तनजी एदुलजी. 1888 साली, वयाच्या तेराव्या वर्षी, बहिणीकडून उसने पैसे घेऊन त्यांनी मुंबईत कॉफी भाजून विकायला सुरुवात केली. पुढे त्यांनी धंद्याला पोलसन हे इंग्रजी वळणाचे नाव दिले, कारण गिऱ्हाईक बहुतेक इंग्रज होते. सैन्याला चांगल्या लोण्याचा तुटवडा आहे हे कळल्यावर त्यांनी खेडा जिल्ह्यात पाय रोवले आणि 1930 च्या सुमारास आणंदला मोठी आधुनिक डेअरी उभारली.

आता मूळ मुद्द्याकडे येऊ. गावोगावच्या दुधातून यंत्राने साय वेगळी काढायची, ती गोळा करायची, डेअरीत आणायची, घुसळायची आणि मग रेल्वेने मुंबईपर्यंत न्यायची. आणंद ते मुंबई हे अंतर सव्वाचारशे किलोमीटर. गावात बर्फ नाही, वीज नाही. साय डेअरीत पोहोचेपर्यंत आंबायची आणि पोलसनच्या पद्धतीत ती काही दिवस मुद्दाम आंबू दिली जाई. आंबलेल्या सायीच्या लोण्याला एक तीव्र वास आणि झणका असतो. असे लोणी वाटेत बिघडू नये म्हणून त्यात भरपूर मीठ घातले जाई. लोण्यातले पाणी सूक्ष्म थेंबांच्या रूपात अडकलेले असते; मीठ त्या थेंबांत विरघळते आणि जिवाणूंना तिथे वाढणे कठीण होते. लोणच्यात मीठ जे काम करते तेच इथे करते. राहिला रंग. गाईच्या दुधात गवतातले कॅरोटिन उतरते, म्हणून तिचे लोणी पिवळसर. म्हैस तेच कॅरोटिन जवळजवळ सगळे अ जीवनसत्त्वात बदलून टाकते, म्हणून तिचे लोणी पांढरे. विलायतेतल्या गाईच्या लोण्यावर वाढलेल्या गिऱ्हाइकाला पांढरे लोणी परके वाटले असते. म्हणून पिवळा रंग. आजही तो बहुतेक शेंदरीच्या बियांपासून काढतात. पाकिटावर त्याचे नाव ‘अन्नाटो’ असे असते.

पिवळेपणा, खारटपणा आणि तो झणका हे तिन्ही गुण असे म्हैस आणि शहर यांच्यातल्या अंतराने आणि परक्या गिऱ्हाइकाच्या सवयीने घडवले. पण दोन पिढ्या तेच खाल्ल्यावर मुंबईकराला तीच लोण्याची खरी चव वाटू लागली. ‘पोलसन’ हे त्याच्या तोंडी लोण्याचेच नाव झाले, आणि साहेबाची खुशामत करणाऱ्याला ‘पोलसन लावतोय’ म्हणण्यापर्यंत ते मराठीत मुरले.

दुसऱ्या महायुद्धात मुंबईत दुधाची टंचाई झाली आणि 1945 साली सरकारने आणंदहून दूध आणण्याची योजना आखली. खरेदीचे काम पोलसनकडे गेले. मुंबईत दुधाला जास्त पैसा मिळू लागला, पण तो शेतकऱ्याच्या हाती पडेना. शेतकरी सरदार पटेलांकडे गेले. त्यांचा सल्ला स्पष्ट होता: मधला माणूस काढा, स्वतःची संस्था काढा. 4 जानेवारी 1946 रोजी समरखा गावी मोरारजी देसाईंच्या उपस्थितीत सभा झाली आणि दूध न घालण्याचे ठरले. पंधरा दिवस खेड्याचे दूध मुंबईला आले नाही आणि सरकारला नमावे लागले. त्याच वर्षी 14 डिसेंबरला खेडा जिल्हा सहकारी दूध उत्पादक संघाची नोंदणी झाली. त्रिभुवनदास पटेल अध्यक्ष. 1949 च्या मे महिन्यात, पुढे संघाची डेअरी चालवणारे वर्गीस कुरियन आणंदला आले आणि तिथलेच झाले.

1960 च्या 1 मेपर्यंत आणंद आणि भाईंदर एकाच मुंबई राज्यात होते, हे आपण सहज विसरतो. हा झगडा परप्रांताचा नव्हता. मुंबईच्या सरकारचा आणि मुंबईच्याच शेतकऱ्यांचा होता.

संघापुढची पुढची अडचण लोण्याचा जन्म समजायला फार महत्त्वाची आहे. हिवाळ्यात म्हशी भरपूर दूध देतात, उन्हाळ्यात आटतात. दूध धंद्यात याला पुष्टकाळ आणि कृशकाळ म्हणतात. हिवाळ्यातले जादा दूध मुंबईची योजना घेईना. मग त्याचे करायचे काय? स्निग्धांश काढून लोणी, उरलेल्याची भुकटी. म्हशीच्या दुधाची भुकटी होत नाही असे परदेशी तज्ज्ञ सांगत होते, संघाचे दुग्धतंत्रज्ञ एच. एम. दलाया यांनी ती करून दाखवली. युनिसेफ आणि न्यूझीलंडच्या मदतीने नवा कारखाना उभा राहिला आणि 31 ऑक्टोबर 1955 रोजी, सरदारांच्या जन्मदिनी, पंडित नेहरूंनी त्याचे उद्घाटन केले.

पुढे जे घडले तो प्रसंग मला या साऱ्या इतिहासात सर्वांत बोलका वाटतो. संघाचे ‘अमूल’ या नावाचे लोणी ताज्या सायीचे होते, स्वच्छ होते, त्याच दिवशीच्या दुधाचे होते. आणि मुंबईत ते चालेना. लोकांना ते सपक लागले. शिळ्या सायीच्या झणक्याला सरावलेल्या जिभेला ताजेपणा हाच दोष वाटला. कुरियन यांनी आत्मचरित्रात हे मोकळेपणाने सांगितले आहे. अखेर संघाने मीठ वाढवले, रंग घातला आणि आंबलेल्या सायीचा गंध देणारे डायअसेटिल हे परवानगी असलेले द्रव्य मिसळले. मग लोणी खपू लागले. शेतकऱ्यांनी पोलसनला बाजारातून हटवले, पण पोलसनची चव पुढे चालवूनच. ही हार होती असे मी मानत नाही. चव गिऱ्हाइकाची राहिली आणि पैसा दूध काढणाऱ्या बाईच्या घरी जाऊ लागला. माझ्या लेखी हा सौदा शेतकऱ्याच्या बाजूचा होता. सरकारनेही आयात लोण्यावर टप्प्याटप्प्याने कात्री लावून त्यांना जागा करून दिली. 1966 साली सिल्व्हेस्टर डाकुन्हा आणि चित्रकार युस्टेस फर्नांडिस यांनी घडवलेली ठिपक्यांच्या फ्रॉकमधली मुलगी अमूलच्या जाहिरातीसाठी मुंबईच्या फलकांवर आली. पोलसन नावाची कंपनी आजही आहे, आपल्या कोल्हापूर जिल्ह्यात, आंबा घाटाच्या परिसरात; ती कातडी कमावण्याची द्रव्ये बनवते.

या सगळ्या काळात भाईंदर हे गाडीच्या खिडकीतून दिसणारे गाव होते. मिरा-भाईंदरची नगरपरिषद झाली ती 1985 साली आणि महानगरपालिका 28 फेब्रुवारी 2002 रोजी. 2011 च्या जनगणनेत वस्ती आठ लाखांवर गेलेली होती. म्हणजे या शहराने लोण्याचा इतिहास घडताना पाहिला नाही, ते थेट तयार सवयींचे गिऱ्हाईक म्हणून त्यात सामील झाले. मुंबईहून सरकत आलेली मराठी घरे, भाईंदर पश्चिमेचे गुजराती-मारवाडी व्यापारी, उत्तनचे ख्रिस्ती कोळी, मिरा रोडची मुसलमान वस्ती, उत्तरेकडून आलेले कामगार यांच्या ताटांत फारसे काही सारखे नाही, पण पावाला लावायची वडी बहुधा एकच. जैन आचारात मध, मद्य आणि मांस यांच्या पंक्तीला लोणी बसवले आहे. ताकाबाहेर काढलेले लोणी व्रतस्थ जैन खात नाहीत, तूप मात्र चालते. आणि त्याच भाईंदरमध्ये बटाट्याऐवजी कच्चे केळे घातलेली ‘जैन पावभाजी’ गाड्यागाड्यांवर मिळते, वर बटर तरंगत असते. चवीची सवय किती खोल जाते, याचा हा दाखला आहे. माल आता रेल्वेच्या पुलावरून येत नाही. शीतगाड्या मनोर, वसईमार्गे अहमदाबाद महामार्गाने येतात आणि काशीमिऱ्याला शहरात वळतात.

महाराष्ट्राचे लोणीही या बाजारात आहेच. वारणानगरची वारणा, 1963 चा कोल्हापूरचा गोकुळ, गोरेगावची महानंद, मंचरची गोवर्धन. आपल्याकडे मुख्यतः गाईचे दूध, 3.5 टक्के फॅट आणि 8.5 टक्के एसएनएफच्या (स्निग्धांश वगळून उरलेल्या घन घटकांच्या) मोजमापावर घेतले जाणारे. जादा दुधाचे पुन्हा तेच होते, बटर आणि भुकटी. जगात भुकटीचे भाव पडले की शीतगृहांतला साठा पडून राहतो, डेअऱ्या खरेदीदर उतरवतात आणि फटका संगमनेर-बारामतीच्या गोठ्यापर्यंत पोहोचतो. 2018 च्या जुलैत लिटरला 17 रुपयांपर्यंत घसरलेल्या दरामुळेच दूध आंदोलन पेटले आणि सरकारला 25 रुपयांचा दर जाहीर करावा लागला. 2024 मध्ये लिटरमागे पाच रुपये अनुदान द्यावे लागले, त्याचेही कारण हेच. परदेशी लोण्यावर आपण 40 टक्के आयातशुल्क लावतो आणि 2019 च्या नोव्हेंबरात भारत ‘आरसेप’ या बहुराष्ट्रीय व्यापार कराराच्या वाटाघाटींतून बाहेर पडला तेव्हा दूध उत्पादकांचा विरोध हे एक मोठे कारण होते. चार-पाच जनावरांवर घर चालवणाऱ्याला न्यूझीलंडच्या हजारो गाईंशी एका भावात झुंजायला लावणे अन्यायाचे आहे, असे मला ठामपणे वाटते.

पण शेतकऱ्याला सध्या जवळचा धोका परदेशी लोण्यापेक्षा लोण्यासारख्या दिसणाऱ्या पदार्थाचा आहे. कायद्याने ‘टेबल बटर’मध्ये किमान 80 टक्के दुधाचा स्निग्धांश हवा, पाणी 16 टक्क्यांच्या वर नको आणि मीठ तीन टक्क्यांच्या वर नको. हिशेब केला तर शंभर ग्रॅमच्या वडीमागे म्हशीचे साधारण सव्वा लिटर दूध लागते. ‘फॅट स्प्रेड’ला ही अट नाही. त्यातला स्निग्धांश कमी असू शकतो आणि तो दुधाचा, तेलाचा किंवा दोन्हींचा असू शकतो. वनस्पती तेलाचा स्प्रेड हा बेकायदा नाही. कोलेस्टेरॉल टाळणाऱ्याने तो जाणूनबुजून घ्यावा. पण तो रंगाने पिवळा, चवीला खारट आणि वासाला तसाच असतो, कारण ज्या तीन गुणांवरून आपण लोणी ओळखतो ते तिन्ही पहिल्यापासून वरून घालता येण्याजोगेच होते. जिभेवर विसंबून इथे निवाडा होत नाही.

22 सप्टेंबर 2025 पासून लोण्यावरचा जीएसटी 12 वरून 5 टक्क्यांवर आला आणि अमूलच्या शंभर ग्रॅमच्या वडीची किंमत 62 वरून 58 रुपयांवर उतरली. पैसे वाचले आहेत, तर दोन क्षण खर्च करा. वडी घेताना पाकीट उलटे करून ‘टेबल बटर’ लिहिले आहे की ‘स्प्रेड’, ते वाचा. पावभाजीच्या गाडीवर ‘बटर मारके’ सांगताना तव्यावर काय टाकताय, हे दादांना विचारा. तुम्ही मोजलेला पैसा गोठ्यात पोहोचतो की नाही, हे त्या उत्तरावर ठरते.