राखून ठेवलेले वीस टक्के

२००१ साली विंडोज एक्सपी आली आणि बोलवा उठली की मायक्रोसॉफ्ट आपल्या इंटरनेटचा २० टक्के वाटा स्वतःसाठी दाबून ठेवते. ५६ केबीपीएसच्या मोडेमवर २० टक्के म्हणजे थोडं नव्हे. लोक ते सेटिंग शोधून शून्य करायचे. वेगात फरक नाही, पण समाधान मिळायचं!

खरं काय होतं? सप्टेंबर १९९७ मध्ये आरएसव्हीपी हा प्रोटोकॉल जाहीर झाला. आवाज-चित्रासाठी वाटेवरच्या प्रत्येक राउटरकडे आधीच जागा मागायची, ही त्यातली कल्पना. विंडोज २००० मध्ये त्यासाठी डीएलएल फायली होत्या: आरएसव्हीपीएसपी प्रोग्रामची मागणी पुढे न्यायची, ट्रॅफिक नावाची फाइल पॅकेटं रांगेला लावणाऱ्या भागाशी बोलायची. एक्सपीतले २० टक्के ही अशा मागणीची कमाल मर्यादा. मागणारा प्रोग्रामच नसेल, तर सगळी वाट सगळ्यांना मोकळी.

आपल्या जालन्यात आरक्षण म्हटलं की जायकवाडी आठवते. पिण्यासाठी राखलेलं पाणी धरणात राहतं, डाव्या कालव्यावरच्या अंबड-घनसावंगीच्या शेताला मिळत नाही. ती तक्रार समजते. बँडविड्थ मात्र साठवताच येत नाही. क्षण गेला की ती गेली. शब्द एकच, म्हणून आपण वस्तूही एकच धरली. तर्कशास्त्राला ही खोड जुनी आहे.

आरएसव्हीपी खुल्या इंटरनेटवर रुजला नाही. प्रत्येक प्रवाहाची नोंद प्रत्येक राउटरने ठेवायची, हे ओझं मोठ्या जाळ्यांना झेपेना. ट्रॅफिक फाइल मात्र पुढच्या विंडोजमध्येही राहिली.