तळटीप ७ : पुणे महापालिका खटला

७. हा खटला रस्त्याचा नव्हे, वन-उद्यानाचा; पण रस्त्यात जमीन गेलेल्यांचे वकीलही पुढे त्याचाच आधार घेत. भूसंपादन अधिकाऱ्याचा निवाडा ३१ जानेवारी २००८ चा. मालकांनी रक्कम उचलली नाही, तेव्हा ती न्यायालयात न भरता सरकारी कोषागारात ठेवली गेली. २०१३ च्या भूसंपादन कायद्याचे कलम २४(२) असे : १८९४ च्या कायद्याखालील निवाडा पाच वर्षांहून जुना असून ताबा घेतला नसेल किंवा मोबदला दिला नसेल, तर संपादन आपोआप संपुष्टात येते. कोषागारात पैसे ठेवणे म्हणजे मालकाला देणे नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने २४ जानेवारी २०१४ रोजी ठरवले. ६ मार्च २०२० रोजी इंदूर विकास प्राधिकरणाच्या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ते फिरवले. आता ताबा आणि मोबदला दोन्ही राहिले असतील तरच संपादन संपते, आणि ताब्याला पंचनामा पुरतो. माझ्या मते यात मालकावर अन्याय होतो. रानात पीक उभे असते आणि कागदोपत्री जमीन केव्हाच सरकारजमा झालेली असते. पुण्याच्या रिंगरोडसारख्या नव्या संपादनांना मात्र हे कलम लागत नाही. — संपादक