भिडू, आवाज येतोय का?

माणूस खेळायला बसतो तो खेळण्यासाठी, अशी एक समजूत आहे. ज्यांनी जन्मात मेंढीकोटाचा डाव टाकला नाही, अशाच कुणीतरी ती पसरवली असावी. मेंढीकोटात बोलायचं नसतं आणि भिडूला खूणही करायची नसते. तरीही हातात हुकमाचा एक्का आल्यावर भिडू खाकरला नाही, असा डाव महाराष्ट्राच्या भूमीवर अजून व्हायचाय! हुतूतूत तर याच्याही पुढची मजल. तिथे बोलणं हाच खेळ. दम तुटला, तोंड मिटलं, की चढाई फुकट. आणि सकाळच्या लोकलमध्ये मांडीवर ब्रीफकेस आडवी ठेवून जे पत्ते कुटले जातात, त्यात पत्ते किती आणि साहेबाची निंदा किती, याचा ताळेबंद मांडला तर निंदेची बाजू सहज जड भरेल.

सांगायचा मुद्दा असा, की खेळ हे निमित्त. माणसाला बोलायचं असतं. कॉम्प्युटरवर चारचौघांनी मिळून खेळायचे खेळ ज्यांनी बनवले, त्यांना हे पुन्हा पुन्हा नव्यानं कळत आलंय. त्याचाच हा इतिहास. मी इतिहासकार नव्हे, साधा बी.कॉम. झालेला, बँकेत खर्डेघाशी करणारा माणूस. पण इतिहास म्हणजे तरी काय हो? जुन्या नोंदी नव्या वहीत ओढून वर लिहायचं, ‘मागील पानावरून पुढे चालू.’ हे काम मला जमतं.

पहिली नोंद १९७३ सालची. अमेरिकेतल्या इलिनॉय विद्यापीठात ‘प्लेटो’ नावाची एक यंत्रणा होती. एक मोठा कॉम्प्युटर आणि त्याला जोडलेले पुष्कळ पडदे. हेतू विद्यार्थ्यांना शिकवण्याचा. विद्यार्थ्यांनी अर्थातच त्यावर खेळ सुरू केले. त्याच साली डग ब्राऊन आणि डेव्हिड वूली यांनी ‘टॉकोमॅटिक’ नावाचा कार्यक्रम लिहिला. त्यात पाच जणांनी एकदम गप्पा मारायच्या. गंमत अशी, की तुम्ही टंकाल ते एकेक अक्षर समोरच्याला तेव्हाच्या तेव्हा दिसायचं. ‘तू गाढ’ एवढं लिहून तुम्ही विचार बदललात आणि खोडलंत, तरी ‘गाढ’ पोचलेलं असायचं. पोटातलं ओठावर येण्याआधी पडद्यावर! अशा सोयीवर मैत्री टिकली असेल, तर ती खरी मैत्री म्हटली पाहिजे.

दुसरी नोंद १९७८ ची, इंग्लंडातल्या एसेक्स विद्यापीठातली. रॉय ट्रबशॉ या विद्यार्थ्यानं ‘मड’ नावाचा खेळ लिहायला घेतला, पुढे तो रिचर्ड बार्टलनं वाढवला. चित्रं वगैरे काही नाही, सगळा शब्दांचा कारभार. ‘तुम्ही एका अरुंद वाटेवर उभे आहात’ असं पडद्यावर यायचं आणि तुम्ही ‘उत्तरेला जा’ असं टंकायचं. खजिना शोधायचा, एकमेकांना मारायचं. पण त्याचबरोबर शेजारी उभ्या असलेल्याशी बोलण्याचा आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं ओरडण्याचाही हुकूम होता. बाहेरच्या मंडळींना यंत्र मिळायचं ते रात्री उशिरा, विद्यापीठाला त्याचं काम नसताना. तरी लोक जागायचे. फोनचं बिल भरून, डोळे चोळत यायचे. आणि त्यातले कित्येक खजिना सोडून गप्पाच मारत बसायचे.

याच बार्टलनं १९९६ साली एक निबंध प्रसिद्ध केला. त्यात त्यानं खेळाडूंचे चार प्रकार पाडले, आणि तेही पत्त्यांच्या रंगांवरून. चौकट म्हणजे गुण मिळवणारे, इस्पिक म्हणजे खणून शोध घेणारे, बदाम म्हणजे गप्पिष्ट आणि किलवर म्हणजे दुसऱ्याला ठार मारणारे. (किलवरच्या नावातच ‘किल’ आहे, हे त्या साहेबाला ठाऊक असण्याचं कारण नाही.) निबंध वाचल्यावर मला आमची शाखा डोळ्यांसमोर दिसू लागली. चौकटी बढतीमागे, इस्पिकं एक पैशाचा फरक शोधत रात्री आठपर्यंत बसलेली, बदाम चहाच्या टेबलाशी. किलवर कोण, ते सांगत नाही. पेन्शनला अजून अवकाश आहे.

नव्वदीत खेळांना वेग आला आणि बोलण्याची पंचाईत झाली. १९९३ साली ‘डूम’ आला, १९९६ साली ‘क्वेक’. धावायचं, वळायचं, गोळ्या झाडायच्या, आणि हे सगळं त्याच हातांनी ज्या हातांनी टंकायचं! ‘सावध राहा, तुझ्या मागे शत्रू आहे’ एवढं शुद्ध वाक्य लिहीपर्यंत ज्याला सावध करायचं तो मेलेला आणि लिहिणाराही त्याच्या वाटेवर. मग भाषा कापायला सुरुवात झाली. खेळ छान झाला, याला ‘जीजी’. जागेवर नाही, याला ‘एएफके’. आत्ता आलो, याला ‘बीआरबी’. भाषा बुडाली म्हणून हाकाटी करणाऱ्यांना एवढंच सांगतो, की आपण तारा करत होतो तेव्हा ‘आई सीरियस स्टार्ट इमिजिएटली’ हे काही कालिदासाचं वाक्य नव्हतं. तिथे शब्दाला पैसे पडत, इथे शब्दाला जीव जात होता.

हात रिकामे नाहीत तर तोंड आहेच, हे ओघानंच आलं. १९९९ मध्ये ‘रॉजर विल्को’ नावाचा कार्यक्रम निघाला आणि खेळता खेळता कानात भिडूचा आवाज येऊ लागला. पाठोपाठ ‘टीमस्पीक’ आणि ‘व्हेंट्रिलो’ आले. २००२ च्या नोव्हेंबरात मायक्रोसॉफ्टनं ‘एक्सबॉक्स लाइव्ह’ सुरू केलं, तेव्हा त्या खोक्यात कानाला लावायचा हेडसेटही घालून दिला. लिहिण्याचं युग मागे पडलं आणि बोलण्याचं आलं.

आता बोलणं म्हटलं की गोंधळ आलाच. २००५ साली ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ या खेळातली एक फीत जगभर गाजली. मंडळी एका गुहेच्या दाराशी उभी राहून गंभीरपणे योजना आखताहेत. कोणी कुठे उभं राहायचं, कोणी काय करायचं. एका हिशेबनीसानं जगण्याची शक्यतासुद्धा काढली आहे : ३२.३३ टक्के, पुढचे तीन आवर्ती! आणि इतका वेळ जागेवर नसलेला लीरॉय जेन्किन्स नावाचा गडी परत येतो, स्वतःच्याच नावाची आरोळी ठोकतो आणि सरळ आत घुसतो. बाकीचे त्याच्यामागे धावतात आणि सगळेच्या सगळे मरतात. ही फीत ठरवून केलेलं नाटक होती, हे पुढे करणाऱ्यांनीच सांगितलं. पण तिला जग हसलं ते ओळख पटली म्हणून. ज्यानं ज्यानं म्हणून मीटिंगला हजेरी लावली आहे, त्याला हा लीरॉय भेटलेला असतो. बहुधा तो सर्क्युलर न वाचता येतो.

पण आवाजाचं एक दुखणं निघालं, आणि ते हसण्यावारी नेण्याजोगं नाही. कागदावर माणसाला वय नसतं, बाईपण-पुरुषपण नसतं, बोलण्याची ढब नसते. स्लिप काऊंटरच्या काचेखालून आत सरकवली की कारकुनाला फक्त अक्षर दिसतं. तोंड उघडलं की सगळंच उघडं पडतं. अमेरिकेतल्या ओहायो विद्यापीठातल्या दोघा संशोधकांनी ‘हॅलो ३’ या खेळात एक प्रयोग केला, तो २०१२ साली प्रसिद्ध झाला. तीच साधी वाक्यं, आधी रेकॉर्ड केलेली. कधी पुरुषाच्या आवाजात ऐकवली, कधी बाईच्या. बाईच्या आवाजाला तिप्पट वाईट शेरे मिळाले. वाक्यं तीच, खेळ तोच! पुष्कळ बायका आजही खेळताना माईक बंद ठेवतात. त्यांना खेळ आवडत नाही म्हणून नव्हे, भिडू आवडत नाहीत म्हणून.

यावर कंपन्यांनी तोडगा काढला, तो असा, की लोकांना बोलूच द्यायचं नाही. मुलांसाठी काढलेल्या डिस्नेच्या ‘टूनटाऊन’ खेळात, २००३ साली, तयार वाक्यांची यादीच होती. त्यातलं एक निवडायचं. आपल्या तार खात्याची आठवण व्हावी. तिथेही शुभेच्छांना नंबर असत. नंबर सांगितला की नवदांपत्याला छापील आशीर्वाद पोचे. २०१३ च्या जुलैत तार बंद झाली, तोवर ही युक्ती खेळांत चांगली रुजली होती. २०१४ साली आलेल्या ‘हार्थस्टोन’ या पत्त्यांच्या खेळात प्रतिस्पर्ध्याशी बोलायला मोजकी सहाच वाक्यं होती. नमस्कार, आभार, छान खेळलात, क्षमस्व वगैरे. यात भांडणार कसं? पण माणूस भांडला! समोरच्याची चाल फसली की हा ‘क्षमस्व’चं बटण दाबायचा. आपल्याकडे ‘माफ करा हं’ हे तीन शब्द कोणत्या सुरात म्हटले की ऐकणाऱ्याचा तिळपापड होतो, हे कुणाला शिकवावं लागत नाही. अखेर २०१६ मध्ये कंपनीनं क्षमस्व काढून टाकलं आणि ‘वा!’ असं घातलं. मग लोक ‘वा!’ म्हणून खिजवू लागले. शिवीला शब्दकोश लागतो, हा फक्त सभ्य माणसांचा भ्रम आहे.

उलट बाजूही नोंदवली पाहिजे, नाहीतर ताळा जुळणार नाही. २०१२ च्या ‘जर्नी’ या खेळात बोलता येत नाही, लिहिता येत नाही, समोरच्याचं नावही प्रवास संपेपर्यंत दिसत नाही. फक्त एक मंजुळ सूर काढता येतो. तेवढ्यावर वाळवंटातून दोन अनोळखी माणसं एकमेकांना सांभाळत डोंगरापर्यंत जातात. आणि धंद्याची गंमत तर आमच्या कॉमर्सच्या पुस्तकातही सापडणार नाही. ‘ग्लिच’ नावाचा एक खेळ २०१२ साली बंद पडला. तो बनवताना कंपनीतल्या लोकांनी आपसात बोलायला जी सोय केली होती, तीच त्यांनी पुढे विकायला काढली. तिचं नाव ‘स्लॅक’. २०२१ मध्ये तिचा सौदा पुरा झाला, तो सुमारे २७.७ अब्ज डॉलरना! २०१५ चं ‘डिस्कॉर्ड’सुद्धा न चाललेल्या एका खेळाच्या कंपनीतूनच निघालं. खेळ बुडीत खाती, गप्पांना व्याज!

आपल्याकडे हे वारं मोबाईलवरून आलं. २०१८ साली ‘पबजी’ फोनवर आला. चौघांचा चमू, कानात चौघांचे आवाज. २०२० च्या टाळेबंदीत आमचे चिरंजीव चौदा वर्षांचे. रात्री अकरा वाजता त्यांच्या खोलीतून आरोळी आली, “मेलो! मेलो! अरे, कुणीतरी उचला मला!” दोन मिनिटांत खालच्या मजल्यावरच्या आजी दारात हजर. तोंडाला मास्क, हातात गंगाजलाची कुपी. “कोण गेलं हो?” एवढ्यात आतून आवाज, “झालो रे जिवंत!” आजींनी कुपीचं बूच घट्ट केलं आणि समाधानानं खाली गेल्या. मी चिरंजीवांना विचारलं,

“अरे, कोण आहेत ही मुलं?”

“एक पाटण्याचा आहे, एक गुवाहाटीचा, एक सांगलीचा.”

“तू ओळखतोस त्यांना?”

“ओळखतो काय, बाबा! रोज मरतो आम्ही एकत्र!”

आम्ही एका शाखेत वर्षानुवर्षं शेजारी बसलो, पण एकत्र मरण्याइतकी ओळख काही झाली नाही. त्याच सप्टेंबरात सरकारनं ११८ अ‍ॅपवर बंदी घातली, त्यात पबजी गेला. २०२१ मध्ये भारतापुरता वेगळा अवतार घेऊन परत आला. दरम्यान नवी मुंबईतल्या एका कंपनीच्या ‘लुडो किंग’नंही २०२० मध्ये आवाजाची सोय केली. मग आमची नागपूरची आत्या सोंगटी मारल्याबद्दल तिकडून थेट बोल लावू लागली. एरवी तिला वर्षातून दोनदा फोन व्हायचा, दिवाळीला आणि संक्रांतीला.

शेवटची नोंद नॉर्वेतली. मॅट्स स्टीन हा १९८९ साली जन्मलेला मुलगा. डुशेन नावाच्या आजारानं त्याचे स्नायू हळूहळू निकामी होत गेले. चाकाच्या खुर्चीवर, एका खोलीत तो ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’ खेळत बसायचा. आई-वडिलांना एकच दुःख. आपल्या पोराला ना मित्र, ना कुणाच्या आयुष्यात जागा. २०१४ मध्ये, पंचविसाव्या वर्षी, तो गेला. वडिलांनी त्याच्या ब्लॉगवर ती बातमी लिहिली. कोणी वाचेल, अशी फारशी आशा नव्हती. मग एकामागून एक पत्रं येऊ लागली, निरनिराळ्या देशांतून. खेळात त्याचं नाव होतं आयबेलिन. कुणी लिहिलं, त्यानं माझं ऐकून घेतलं. एका आईला आपल्या स्वमग्न मुलाशी बोलणं जमत नव्हतं. मॅट्सनं तिला सुचवलं होतं, त्याला खेळात भेटा. काही भिडू तर अंत्यविधीला विमानानं ओस्लोला आले.

ही गोष्ट २०२४ साली एका माहितीपटातून जगापुढे आली. तो बनवता आला, कारण त्याच्या चमूतल्या कुणीतरी सगळ्या गप्पा जपून ठेवल्या होत्या. हजारो पानं. त्यात थट्टा होती, भांडणं होती, समजुती होत्या, आणि माफीही होती. ती बटण दाबून मागितलेली नव्हती. ज्या बोटांना महिन्यागणिक हलणं जड होत होतं, त्या बोटांनी एकेक अक्षर टंकून मागितलेली होती.

आई-वडिलांना वाटत होतं, खातं रिकामं आहे. पासबुक भरून घ्यायचं राहिलं होतं, एवढंच.