दिनविशेष : २७ जानेवारी
पत्रकार आणि लेखक डॉ. अनिल अवचट यांचे २०२२ मध्ये आजच्या दिवशी पुण्यात निधन झाले. जन्म १९४४, जुन्नर तालुक्यातील ओतूर. एम.बी.बी.एस. होऊनही ते लेखणीकडे वळले. बिहार पाहून लिहिलेले ‘पूर्णिया’ हे पुस्तक १९६९ चे. पुढे हमाल, भटके यांच्यात बसून, त्यांचेच शब्द टिपून त्यांनी ‘माणसं’ लिहिले. मराठी रिपोर्ताजचा हा सर्वात प्रामाणिक नमुना. पत्नी डॉ. सुनंदा यांच्यासह १९८६ मध्ये त्यांनी ‘मुक्तांगण’ व्यसनमुक्ती केंद्र उभारले. गुजरातमधील चलथाणसारख्या साखर कारखान्यांच्या परिसरात धुळे-नंदुरबारहून ऊसतोडीसाठी कोयता घेऊन येणाऱ्या कुटुंबांविषयी लिहू पाहणाऱ्या तरुण पत्रकारांनी आधी ‘माणसं’ वाचावे.