दुसरा खटका

शनिवार, 2 एप्रिल 2011. गाडी आणि माणसं इथे प्रातिनिधिक आहेत, त्यामुळे नावं नाहीत. भारत-श्रीलंका विश्वचषकाचा अंतिम सामना खरा आहे. बॅटरीचा हिशोब लहान पेट्रोल गाडीला साधारण लागू पडणारा आहे.

सकाळी 7.10

तालुक्याच्या गावात घरासमोर गाडीचा सेल्फ मारला जातो. इंजिन लगेच उचलत नाही. दोनदा जड घरघर होते, तिसऱ्या खेपेला सुरू होतं. थोरले भाऊ म्हणतात, "सकाळचं थंड असतं जरा." एप्रिल महिना आहे.

बॉनेटखालची बॅटरी 12 व्होल्टची, 35 अँपिअर-तासांची. याचा अर्थ, नवी असताना ती पावणेदोन अँपिअर वीस तास देते. वॉरंटी कार्डावर साल 2007 आहे. टर्मिनलवर पांढरट-हिरवा क्षार जमलाय. चार वर्षांच्या अशा बॅटरीत पूर्ण भरल्यावरही 25 च्या आसपासच मावतं. कार्ड डॅशबोर्डच्या कप्प्यात, पीयूसीच्या जुन्या कागदांखाली आहे.

सकाळी 11.40

गाडी शेतावरच्या वस्तीवर पोचते. अंतर 18 किलोमीटर. थोरले भाऊ, वहिनी, आई, धाकटा भाऊ आणि पुतण्या. दोन दिवसांवर गुढीपाडवा आहे, त्याआधी वस्ती झाडून घ्यायची आहे. गाडी गोठ्याच्या भिंतीला तोंड करून लावली जाते, तिथे सावली आहे म्हणून. मागे नांगरटीची मऊ जमीन, पुढे भिंत. उतार कुठेच नाही.

पुतण्याच्या खिशात हॉल तिकीट आहे. रविवारी सकाळी 9 वाजता जिल्ह्याच्या ठिकाणी बँकेची परीक्षा. वस्तीपासून 62 किलोमीटर. रात्री परत तालुक्याला जायचं आणि पहाटेची एसटी धरायची, असं ठरलंय.

दुपारी 2.30

वानखेडेवर सामना सुरू होतो. वस्तीवर टीव्ही आहे, वीजही आहे. झहीर खानची पहिली तीन षटकं निर्धाव जातात. झाडलोट थांबते.

संध्याकाळी 6.15

वीज जाते. यात अनपेक्षित काही नाही. भारनियमनाचं वेळापत्रक भिंतीवर टांगलेलं आहे. वीज रात्री 11 ला येणार. तोवर श्रीलंकेचा डाव संपलाय: 6 बाद 274, महेला जयवर्धने नाबाद 103.

वस्तीवरचा गडी मोटारसायकल घेऊन गावात निघून जातो. तिथे कुणाकडे तरी इन्व्हर्टर आहे. तो पुतण्याला विचारतो, "येता का मागं बसून?" पुतण्या म्हणतो, "नको, गाडीत रेडिओ आहे."

संध्याकाळी 6.50

थोरले भाऊ गाडीत बसतात. किल्ली पहिल्या खटक्यावर फिरवतात. रेडिओ लागतो, आकाशवाणीचं धावतं वर्णन मिळतं. पहिल्या खटक्यावर रेडिओ आणि चार्जरचा सॉकेट एवढंच चालतं. खर्च दीड अँपिअर.

आवाज बाहेर बाजांपर्यंत पोचायला हवा. काचा विजेवर चालणाऱ्या आहेत आणि पहिल्या खटक्यावर त्या हलत नाहीत. किल्ली दुसऱ्या खटक्यावर जाते. काचा खाली येतात.

किल्ली तिथेच राहते.

दुसऱ्या खटक्यावर इंजिन बंद असलं तरी गाडी स्वतःला जागी समजते. इंजिनाचा संगणक, रिले, सेन्सर, पॅनेलवरचे दिवे मिळून आणखी दोन अँपिअर. पॅनेलवर बॅटरीच्या आकाराचा लाल दिवाही लागतो. बॅटरी भरली जात नाहीये, हे सांगणं एवढंच त्याचं काम. पुढचे चार तास तो ते सांगत राहतो.

संध्याकाळी 7 च्या सुमारास

भारताच्या डावाचा दुसरा चेंडू. मलिंगा, सेहवाग पायचीत, शून्य. आई बाजेवरून उठून आत देवापाशी जाते.

संध्याकाळी 7.15

ड्रायव्हरच्या बाजूचं दार उघडून तसंच ठेवलं जातं, पाय बाहेर सोडून बसायला. छतातला दिवा लागतो. पाऊण अँपिअर. थोड्या वेळाने धाकटा भाऊ मोबाइल चार्जिंगला लावतो. हा खर्च किरकोळ, पण धरायला हवा.

संध्याकाळी 7.35

सातव्या षटकात सचिन बाद, 18 धावा. 2 बाद 31. बराच वेळ कुणी बोलत नाही.

संध्याकाळी 7.40

अमावास्या उद्यावर आलेली, चंद्र नाही. वहिनींना चुलीपाशी उजेड हवा आहे. कंदिलात रॉकेल नाही. थोरले भाऊ गाडीचे पार्किंग लाइट लावतात. "हेडलाइट नको, बॅटरी उतरेल," हे ते स्वतःच म्हणतात. हेडलाइट नऊ अँपिअर घेतात, म्हणजे बोलणं बरोबर आहे. पण पार्किंगचे सगळे छोटे दिवे मिळून अडीच घेतात.

आता दर तासाला पावणेसात अँपिअर-तास जातात. त्यातला रेडिओचा वाटा दीड.

रात्री 8.10

पुतण्या म्हणतो, "काका, दहा मिनिटं इंजिन चालू करून ठेवू या का?"

संध्याकाळभरात हा प्रश्न एकदाच निघतो. या क्षणापर्यंत सातेक अँपिअर-तास गेलेत. आत्ता सेल्फ मारला असता तर गाडी बहुधा लागली असती.

नकाराची कारणं दोन. एक तांत्रिक: इंजिन चालू झालं की मध्यम लहरींवर स्पार्कची खरखर येते आणि वर्णन ऐकू येत नाही. हे खरंच आहे. दुसरं कारण असं की गंभीर आणि कोहली जमलेत. सेहवाग, सचिन गेल्यानंतर जो जिथे बसला तो तिथेच बसलाय. आई देवापाशी, धाकटा बॉनेटला टेकून, एक पाय वर. सामना बघताना जागा बदलायची नाही, हा नियम महाराष्ट्रात कुणाला शिकवावा लागत नाही. थोरले भाऊ म्हणतात, "आता किल्लीला हात लावू नकोस."

लाल दिवा या वेळी त्यांच्या गुडघ्यापासून वीतभर अंतरावर आहे.

रात्री 8.40

दिलशान स्वतःच्याच गोलंदाजीवर कोहलीचा झेल घेतो. 3 बाद 114. दोघांची भागीदारी 83 धावांची. युवराजच्या आधी धोनी आत येतो आणि त्याच्यावर वाद सुरू होतो. जागा आता मोडल्या आहेत, नियम संपलाय, इंजिन सुरू करायला कुणाची हरकत नसती. पण सगळे धोनीबद्दल बोलताहेत.

रात्री 9.10

जेवणं झाली. वहिनी पार्किंग लाइट बंद करायला सांगतात, ते बंद होतात. दिवसभरात गाडीच्या हिताचा घेतलेला हा एकमेव निर्णय. किल्ली, दार, छतातला दिवा तसेच.

रात्री 9.15 ते 10

नेमकं मिनिट सांगता येणार नाही, पण याच पाऊण तासात कधीतरी ही गाडी सुरू होण्याची शक्यता संपते.

रेडिओला दीड अँपिअर पुरतो. सेल्फला एका क्षणापुरते का होईना, शंभराच्या वर लागतात. पूर्ण भरलेली बॅटरी 12.6 व्होल्ट दाखवते, अर्धी 12.2, आणि 11.8 च्या खाली ती रिकामीच धरतात. आकड्यांतला फरक एक व्होल्टाचाही नाही. म्हणूनच कानाला काही कळत नाही. रेडिओ सकाळी वाजला असता तसाच वाजतोय.

रात्री 10.15 च्या सुमारास

गंभीर 97 वर त्रिफळाचीत. 4 बाद 223, अजून 52 हव्यात. छतातला दिवा पिवळा पडलाय. धाकट्याच्या ते लक्षात येतं. "किडे बसलेत काचेवर," असं म्हणून तो रुमालाने काच पुसतो.

रात्री 10.30

फाट्यावरून तालुक्याची शेवटची एसटी जाते. वस्तीवरून तिचे दिवे दिसतात.

रात्री पावणेअकराच्या सुमारास

एकोणपन्नासाव्या षटकाचा दुसरा चेंडू. कुलसेकराला धोनीचा लाँग ऑनवरून षटकार. भारत 6 गडी राखून विजयी, 10 चेंडू शिल्लक. धोनी नाबाद 91.

धाकटा भाऊ हॉर्न दाबून धरतो. दूर गावातूनही फटाके ऐकू येतात. हॉर्नचा आवाज हळूहळू बसत जातो. हसून हसून कुणाचं तिकडे लक्ष नाही.

रात्री 10.55

सामान डिकीत. सगळे गाडीत बसतात. किल्ली फिरते.

टक्.

पुन्हा. टक्-टक्-टक्-टक्. पॅनेलवरचे दिवे मालवतात. स्टिरिओवरचं घड्याळ 12.00 वर जातं.

रात्री 11.00

वीज येते, अगदी वेळापत्रकाप्रमाणे. टीव्हीवर युवराज स्पर्धेचा मानकरी ठरल्याचं दाखवतात. वस्तीवर बॅटरी चार्जर नाही. जम्पर केबलही नाही.

रात्री 11.20

धक्का मारायचं ठरतं. आधी गाडी भिंतीपासून मागे घ्यावी लागते, म्हणजे मऊ मातीत. दुसरा गिअर, क्लच सोडला की इंजिनाने उचलायला हवं. पंधरा पावलं गाडी जाते, हिसका बसतो, थांबते. तीनदा. जुन्या कार्ब्युरेटरच्या गाडीला कदाचित जमलं असतं. या गाडीत पेट्रोल पंप आणि इंजिनाचा संगणक दोन्ही विजेवर आहेत, आणि त्यांना जागं करायलाही बॅटरीत काही उरलेलं नाही.

रात्री 11.50

तालुक्यातला मेकॅनिक फोन उचलत नाही. ओळखीचा जीपवाला उचलतो, पण ढोल-ताशांत त्याला ऐकू जात नाही. दुसऱ्यांदा केल्यावर तो म्हणतो, चौकात मिरवणूक आहे, गाडी निघणार नाही. गडी गावातच राहिलाय, मोटारसायकल त्याच्याकडे.

रविवार, सकाळी 7.05

शेजारच्या वस्तीवरचा ट्रॅक्टर येतो. त्याची बॅटरीही 12 व्होल्टची. त्याच्याकडे जाड वायरचे दोन तुकडे आहेत. लाल टोक लाल टर्मिनलला. काळी वायर ट्रॅक्टरच्या ऋण टर्मिनलवरून गाडीच्या इंजिनाच्या लोखंडाला, बॅटरीपासून लांब, कारण बॅटरीतून निघालेला हायड्रोजन ठिणगीने पेट घेऊ शकतो. ट्रॅक्टरवाला हे न सांगता करतो. 7.30 ला गाडी पहिल्या झटक्यात लागते.

सकाळी 9.25

परीक्षाकेंद्र. फाटक 9 ला बंद झालंय.

सोमवार, पाडवा

बॅटरी बदलली जाते. घरात सगळे म्हणतात, रेडिओने घात केला.

हिशोब तसं म्हणत नाही. चार तासांत गेलेले सुमारे 21 अँपिअर-तास. त्यात रेडिओचे 6. दुसऱ्या खटक्यावर विनाकारण जागी राहिलेली गाडी 8, पार्किंगचे दिवे पावणेचार, उघडं दार जवळपास 3, उरलेला मोबाइल. नुसता रेडिओ ऐकला असता तर ही चार वर्षांची दमलेली बॅटरीसुद्धा बहुधा रात्री अकराला सेल्फ फिरवू शकली असती.

गाडीत बसून सामना ऐकायचा असेल तर काचा खाली घेऊन झाल्यावर किल्ली पहिल्या खटक्यावर आणा, दार लावून घ्या. आणि बॅटरीच्या कार्डावरचं साल आज काढून बघा.